जगाची जीटी मारणारा माणूस

फर्स्ट इयरला इंजिनिअरिंग ड्रॉइंग आजही असेल आणि सबमिशनच्या आदल्या रात्री हॉस्टेलमध्ये आजही जीटी चालत असेल, असं गृहीत धरून लिहितो. आता सगळं कॉम्प्युटरवर निघत असेल तर हा पहिला परिच्छेद सीनियरची बडबड म्हणून सोडून द्या. आमच्या वेळी, म्हणजे २००२ साली, ग्लास ट्रेसिंगचं शास्त्र असं होतं : खिडकीची काच उतरवायची, दोन ट्रंकांवर ती आडवी ठेवायची, खाली टेबल लॅम्प. काचेवर मास्टर शीट, तिच्यावर आपली कोरी शीट. खालून उजेड आला की रेषा वर दिसतात आणि माणूस पेन्सिल फिरवत सुटतो. डोकं वापरायचं काम नाही. एका रात्रीत आमच्या विंगमधून सात शीट निघाल्या. सातही शीटवर बेअरिंग ब्लॉकच्या साइड व्ह्यूमध्ये एक हिडन लाइन एकाच चुकीच्या जागी होती, कारण मास्टर शीटवाल्याने ती तिथे काढली होती. सरांनी सातही शीट टेबलावर शेजारी शेजारी मांडल्या, काहीही बोलले नाहीत आणि आम्हाला वर्कशॉपमध्ये पाठवलं. तिथे तो बेअरिंग ब्लॉक कपाटावर ठेवलेला होता. अख्खं सेमिस्टर तो तिथेच होता आणि आमच्यापैकी एकानेही तो पाहिला नव्हता.

ही गोष्ट मला सतरा वर्षांनी आठवली, तीही मेक्सिकोत.

२०१९ मध्ये कामानिमित्त तीन महिने तिकडे होतो. एका रविवारी युकातान प्रांतातल्या मेरिदा शहरातून एका दिवसाची सहल पकडली. सकाळी बसने न्यायचं, माया लोकांचं जुनं शहर दाखवायचं, दुपारी जेवण, संध्याकाळी परत. आपल्याकडच्या अष्टविनायक दर्शनासारखाच प्रकार, फक्त बसमध्ये भजनं नव्हती. शहराचं नाव उश्माल. मेरिदापासून साधारण ८० किलोमीटर. आमचा गाइड पन्नाशीचा, डोक्यावर गवती टोपी, इंग्रजी मोडकं पण चालू. त्याच्या घरात अजून माया भाषा बोलतात. मी मनातल्या मनात त्याचं नाव गाइडकाका ठेवून टाकलं.

उश्मालला गेल्यावर आधी दिसतो तो जादूगाराचा पिरॅमिड. सुमारे ३५ मीटर उंच, आणि त्याचे कोपरे चक्क गोलाकार आहेत. चढायला मनाई. मग चारी बाजूंनी इमारती असलेला एक मोठा चौक, आपल्या चौसोपी वाड्याची आठवण करून देणारा. या भागात जमिनीवर नद्याच नाहीत, म्हणून पावसाचं पाणी साठवायला जमिनीखाली बाटलीच्या आकाराची टाकी खोदलेली. सिव्हिलवाल्यांसाठी सांगतो, इथली कमान खरी कमान नाही. मधला किल्लीचा दगड नाही. दोन्ही भिंतींचे थर एकेक करून आत सरकवत नेलेत आणि वरून फरशीने बंद केलेत. त्यामुळे खोल्या अरुंद आणि लांबलचक.

पुढे एका प्रचंड चौथऱ्यावर गव्हर्नरचा वाडा आहे. सुमारे १०० मीटर लांब. वरच्या अर्ध्या भागात हजारो घडीव दगड जोडून केलेली नक्षी, आपल्या भाषेत प्रीकास्ट. तिथे गाइडकाकांनी पिशवीतून एक लॅमिनेट केलेलं चित्र काढलं आणि वाड्यासमोर धरलं. चित्रात तोच वाडा, पण झाडाझुडपांनी गिळलेला, काही भाग ढासळलेला. मी एक पट्टा डोळ्यांनी मोजायला लागलो. चित्रातली जाळी, मुखवटे, सगळं समोरच्या भिंतीशी जुळत होतं. हे कुणी काढलं, म्हणून विचारलं. गाइडकाका म्हणाले की फ्रेडरिक कॅथरवूड नावाच्या इंग्रजाने, कॅमेऱ्याचा उपयोग होईना तेव्हा. परत आल्यावर या माणसाबद्दल मिळेल ते वाचलं. त्यातलंच थोडं इथे सांगतो.

कॅथरवूडचा जन्म १७९९ चा, लंडनच्या हॉक्स्टन भागातला. शिक्षण म्हणाल तर एका आर्किटेक्टकडे उमेदवारी आणि रॉयल अकादमीतले फुकटचे वर्ग. १८२१ मध्ये तो रोमला गेला आणि मग त्याला घर लाभलंच नाही म्हणायला हरकत नाही. इटली, ग्रीस, इजिप्त. जुन्या इमारती मोजायच्या आणि काढायच्या, एवढंच काम. इजिप्तमध्ये त्याने वर्षानुवर्षं मंदिरं काढली. हे पुढे फार उपयोगी पडलं, कसं ते सांगतो.

त्याचं मुख्य हत्यार होतं कॅमेरा ल्यूसिडा. नावात कॅमेरा असला तरी फोटोशी संबंध नाही. एका दांडीवर बसवलेलं छोटंसं प्रिझम. विल्यम वोलॅस्टन या शास्त्रज्ञाने १८०६ मध्ये त्याचं पेटंट घेतलं. प्रिझममधून खाली कागदाकडे पाहिलं की समोरची इमारत कागदावर पडल्यासारखी दिसते, आणि त्याच वेळी आपली पेन्सिलही दिसते. मग रेषांवरून पेन्सिल फिरवायची. हे वाचलं तेव्हा मी मोठ्याने हसलो. ही तर सरळसरळ जगाची जीटी! पण ती वाटते तितकी सोपी नाही. डोळा एक मिलिमीटर हलला की चित्र हलतं. आणि मास्टर शीट म्हणून समोर कुणा मित्राची शीट नसते, खरा दगड असतो.

१८३३ मध्ये हा गडी जेरुसलेमला पोचला. तिथल्या डोम ऑफ द रॉकमध्ये मुसलमानांखेरीज कुणाला प्रवेश नव्हता. कॅथरवूडने इजिप्तच्या लष्करी अधिकाऱ्याचा वेष चढवला, सोबत नोकर घेतला आणि आत जाऊन कॅमेरा ल्यूसिडा मांडून बसला. लोक जमले, वातावरण तापलं. नोकराने प्रसंग ओळखून सांगितलं की इजिप्तचा पाशा मुहम्मद अली याच्या हुकमावरून दुरुस्तीसाठी मोजणी चालली आहे. गव्हर्नर आला, त्यालाही ते पटलं. मग कॅथरवूडने तिथे सहा आठवडे बसून सगळी इमारत मोजली. रेक्टरच्या खोलीत जाऊन इलेक्ट्रिशियन असल्याचं सांगण्यासारखाच हा प्रकार, पण पकडलं गेलं असतं तर जीव गेला असता.

या चित्रांवरून लंडनला जेरुसलेमचा पॅनोरमा झाला. पॅनोरमा म्हणजे गोल इमारतीत चारी बाजूंना लावलेलं अवाढव्य चित्र. लोक तिकीट काढून मध्ये उभे राहायचे आणि गावात गेल्यासारखं वाटून घ्यायचे. १८३६ मध्ये लंडनलाच त्याची ओळख जॉन लॉइड स्टीफन्स या अमेरिकन वकिलाशी झाली. स्टीफन्स बोलका, लिहिता, हिकमती. कॅथरवूड अबोल. दोघांचं जमलं. कॅथरवूड न्यूयॉर्कला गेला, तिथे त्याने स्वतःचं पॅनोरमाघर बांधलं, ते चांगलं चाललं. तो तिथेच थांबता तर सुखाने जगता.

पण मध्य अमेरिकेच्या जंगलात पडकी शहरं असल्याचं दोघांच्या कानावर आलं होतं. ऑक्टोबर १८३९ मध्ये ते न्यूयॉर्कहून निघाले. स्टीफन्सने सरकारी वशिल्याने राजदूताचं काम पदरात पाडून घेतलं होतं, कारण तिकडे यादवी चालू होती आणि सोन्याच्या बटणांचा सरकारी कोट असला की वाटेत निभाव लागेल असा हिशोब होता. तो कोट कामाला आलाही. होंडुरासमधल्या कोपानची जागा त्याने तिथल्या माणसाकडून ५० डॉलरला घेतली तेव्हा हाच कोट घालून दाखवला. त्या माणसाला पैसे जास्त मिळाले म्हणून आनंद झाला आणि घेणारा वेडा आहे याची खात्री पटली.

कोपानला कॅथरवूडची खरी परीक्षा झाली. तिथे माणसाच्या दुपटीहून उंच दगडी स्तंभ आहेत, चारी बाजूंनी खोल कोरलेले. जंगल इतकं दाट की खाली उजेड नाही. पाय चिखलात, डासांमुळे हातात मोजे, आणि मोजे घालून चित्र काढायचं. कॅमेरा ल्यूसिडा लावून पाहिला, न लावता पाहिलं. जमेना. पहिल्या दिवशी त्याच्याभोवती टाकलेले कागद साचले होते आणि झाडावरची दोन माकडं त्याला हसत असल्यासारखी दिसत होती, असं स्टीफन्सने लिहून ठेवलंय.

मला हा प्रसंग त्याच्या सगळ्या आयुष्यात महत्त्वाचा वाटतो. तोवर वीस वर्षं त्याने चित्रं काढली होती. हात बसलेला होता. मग अडलं काय? त्याचा हात ग्रीक मूर्ती, रोमन खांब, इजिप्तची चित्रलिपी यांच्यावर बसला होता. इथे तसलं काहीच नव्हतं. चेहरा कुठे संपतो आणि मुकुट कुठे सुरू होतो, हे कळायलाच मार्ग नव्हता. आपण जे काढतो ते बरंचसं आधी माहीत असलेलंच काढतो. त्याच्या आधी पालेंकेला वाल्डेक नावाचा चित्रकार राहून गेला होता. त्याला त्या कोरीवकामात हत्ती दिसले आणि त्याने सरळ हत्ती काढले. अमेरिकेत हत्ती!

कॅथरवूडने झाडं तोडून घेऊन उजेड पाडला, पायाखाली ट्रंका झाकायचं मेणकापड अंथरलं, कागदाचे भाग पाडून प्रमाण सांभाळलं आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा पहिल्या रेषेपासून सुरुवात केली. काय आहे ते कळत नसेल तर जसं आहे तसंच काढायचं. अर्थ लावायचा नाही, सुधारायचं नाही. त्या दिवसापासून त्याला जमायला लागलं.

इथे एक कबुली द्यायला हवी. नोकरीच्या पहिल्या वर्षी मी एका जुन्या शेडचं ड्रॉइंग कपाटातून काढलं आणि त्यावरूनच नवी शीट केली. जागेवर जाऊन टेप लावला नाही. कॉलम प्रत्यक्षात ९० मिलिमीटर सरकलेला होता. ट्रस आला, क्रेन आली, बारा माणसं वर बघत उभी राहिली आणि ट्रस बसेना. साहेब माझ्याकडे बघत होते आणि मला तो बेअरिंग ब्लॉक दिसत होता. म्हणजे सरांनी शिकवून झाल्यावरही मी तेच केलं. असो.

कोपानलाच एक चौरस दगड आहे. त्याच्या चार बाजूंवर प्रत्येकी चार अशी सोळा माणसं बसलेली कोरली आहेत. कॅथरवूडने चारही बाजू काढल्या. पुढे विसाव्या शतकात काही विद्वानांनी ठरवलं की ही ज्योतिषांची परिषद आहे, पंचांग दुरुस्त करायला जमलेली. बरीच वर्षं ते चाललं. आता लिपी वाचता येते आणि कळलंय की ते कोपानचे सोळा राजे आहेत. पहिला राजा सोळाव्याला राजदंड देतोय. दगड इ. स. ७७६ चा. म्हणजे अर्थ बदलला, विद्वान चुकले, पुन्हा सुधारले. १८३९ चं चित्र मात्र खोडायला लागलं नाही. माया लिपीचं एक अक्षरही त्याला येत नव्हतं आणि ती अक्षरं त्याने काढून ठेवली होती. पुढे लिपीचं कोडं सुटलं त्यात १९६० साली मोठा वाटा उचलणारी तातियाना प्रोस्कुर्याकोव्ह ही बाईसुद्धा शिक्षणाने आर्किटेक्ट आणि पेशाने ड्रॉइंग काढणारीच होती. लेख कोपानच्या दगडांवर असोत की दुसऱ्या कुठल्या शहरातल्या, त्यांत राजांचे जन्म आणि राज्यारोहणं आहेत, हे तिने दाखवलं.

कोपाननंतर खेचरांवरून, पायी, पावसात पालेंके. मे १८४० मध्ये ते तिथल्या पडक्या राजवाड्यातच राहिले. अंगभर डास आणि गोचिडी. तिथून उश्मालला पोचले तेव्हा कॅथरवूड मलेरियाने कोसळला आणि त्याला उचलून न्यावं लागलं. १८४१ मध्ये पुस्तक निघालं, लेखन स्टीफन्सचं, चित्रं कॅथरवूडची. ते तडाखेबंद खपलं.

त्या पुस्तकातला एक मुद्दा आज साधा वाटेल, तेव्हा नव्हता. ही शहरं कुणी बांधली? इजिप्शियनांनी, इस्रायलच्या हरवलेल्या टोळ्यांनी, बुडालेल्या अटलांटिसवाल्यांनी, काहीही चाललं असतं, फक्त तिथे राहणाऱ्या गरीब इंडियन लोकांच्या पूर्वजांनी ती बांधली असतील हे कुणाला मान्य होत नव्हतं. स्टीफन्सने ठामपणे लिहिलं की यांच्याच पूर्वजांनी बांधली. हे म्हणायला त्याच्याजवळ आधार होता, तो शेजारी बसलेला. कॅथरवूडने इजिप्तच्या भिंती दगडादगडाने काढल्या होत्या. हे इजिप्तचं काम नाही, हे त्याच्या हाताला माहीत होतं. उश्मालला हे सांगताना गाइडकाकांनी आपल्या छातीवर बोट ठेवलं आणि पुढे चालायला लागले.

१८४१ च्या अखेरीस दोघे पुन्हा युकातानला गेले, या वेळी बॉस्टनचा तरुण डॉक्टर सॅम्युअल कॅबट सोबत. त्याला पक्ष्यांचं वेड आणि तिरळेपणाचं ऑपरेशन करण्याची हातोटी. बरोबर नवाकोरा डगेरोटाइप कॅमेराही होता. मेरिदात त्यांनी तो आधी तिथल्या मुलींचे फोटो काढून तपासून पाहिला. तिघे एकटे पुरुष आणि असलं यंत्र, हॉस्टेलवाल्यांना जास्त सांगायला नको. पण उश्मालच्या उन्हात कॅमेरा आपटला. नक्षीचा उठाव खोल, सावल्या काळ्याकुट्ट, निम्मा तपशील गायब. कॅथरवूडने कॅमेरा बाजूला ठेवून पेन्सिल उचलली. गव्हर्नरच्या वाड्यातच ते सहा आठवडे राहिले. तिघेही आळीपाळीने तापाने आडवे झाले. वाड्याची मापं मात्र अशी घेतली की त्यावरून दुसरा तसाच वाडा बांधता येईल, असा स्टीफन्सचा दावा होता. नंतर काबा, लाब्ना, चिचेन इत्सा, समुद्रकाठचं तुलुम. जून १८४२ मध्ये परत.

जुलैत न्यूयॉर्कचं पॅनोरमाघर जळालं. जेरुसलेम आणि थेब्जची भव्य चित्रं, युकातानहून आणलेल्या वस्तू, उश्मालची अक्षरं कोरलेली लाकडी तुळई, सगळी राख झाली. मला इथे अजिंठा आठवतो, आणि यात एक खरा धागाही आहे. कॅथरवूडची जेरुसलेमची मापं जेम्स फर्ग्युसनने आपल्या अभ्यासात वापरली. याच फर्ग्युसनने १८४३ मध्ये लंडनला आपल्या लेण्यांवर निबंध वाचला आणि त्यानंतर कंपनी सरकारने १८४४ मध्ये रॉबर्ट गिलला अजिंठ्याची चित्रं उतरवायला नेमलं. गिलने लेण्यांत वर्षानुवर्षं घालवली आणि त्याची बहुतेक चित्रं १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत गेली. दोघांच्याही नशिबी तेच.

पुस्तकासाठीची चित्रं बऱ्याच अंशी वाचली. १८४३ मध्ये युकातानचं पुस्तक आलं, १२० चित्रांसह. १८४४ मध्ये कॅथरवूडने २५ शिळाछाप चित्रांचा संच स्वतः काढला. प्रती फक्त ३००. गाइडकाकांच्या पिशवीतलं चित्र असल्याच संचातून छापत छापत आलेलं.

पुढचं आयुष्य आपल्या शाखेचं आहे. त्याचा संसार एव्हाना मोडला होता, कोर्टकचेरी झाली होती. पॅनोरमाचं उत्पन्न गेलं होतं. पन्नाशीकडे झुकलेला हा माणूस रेल्वे इंजिनिअर झाला. ब्रिटिश गियानात त्याने काम केलेल्या रेल्वेवर १८४८ मध्ये गाडी धावली, म्हणजे आपल्या बोरीबंदर ते ठाण्याच्या पाच वर्षं आधी. मग स्टीफन्सने पनामाला बोलावलं. तो तिथे पनामा रेल्वे कंपनीचा मोठा अधिकारी झाला होता. दलदल, पाऊस आणि तोच जुना मलेरिया. स्टीफन्स १८५२ मध्ये गेला, वयाच्या ४६ व्या वर्षी. रेल्वे १८५५ च्या जानेवारीत पुरी झाली. कॅथरवूडनेही ती पाहिली नाही.

सप्टेंबर १८५४ मध्ये तो लिव्हरपूलहून आर्क्टिक नावाच्या बोटीने अमेरिकेला निघाला होता. २७ तारखेला न्यूफाउंडलंडजवळ धुक्यात एका फ्रेंच बोटीशी टक्कर झाली. बोटीवर सुमारे ४०० माणसं आणि लाइफबोटी सहा. वाचलेल्यांत बहुतेक खलाशी. बाई किंवा मूल एकही वाचलं नाही. बुडालेल्यांच्या याद्या वर्तमानपत्रांत आल्या, त्यांत सुरुवातीला कॅथरवूडचं नावही नव्हतं.

त्याचं एकही धड चित्र उपलब्ध नाही. जन्मभर दुसऱ्यांची बांधकामं काढली, स्वतःचा चेहरा काढला नाही. तुलुमच्या एका चित्रात मंदिरासमोर दोन माणसं टेप धरून माप घेताना दिसतात. त्यातला एक तो असावा असं मानतात. अंगठ्याच्या नखाएवढा आकार.

उश्मालला शेवटी आम्हाला अर्धा तास मोकळा मिळाला. बाकीचे टोप्या घ्यायला गेले. मी वही काढून चौकाच्या एका कोपऱ्यावरचा पर्जन्यदेव चाकचा मुखवटा काढायला बसलो. एकावर एक मुखवटे रचलेत, प्रत्येकाचं नाक सोंडेसारखं लांब. वीस मिनिटांत एक कसाबसा झाला, आणि मला तो बराच बरा वाटत होता. गाइडकाका हाक मारायला आले. त्यांनी वहीत पाहिलं, मग वर पाहिलं, आणि काही न बोलता आधी वरच्या मुखवट्याकडे बोट केलं, मग माझ्याकडे. मी नाक खाली वळलेलं काढलं होतं. त्या मुखवट्याचं वर वळलेलं होतं. खाली वळलेलं नाक मी सकाळी दुसऱ्याच भिंतीवर पाहिलं होतं.

बस सुटायला सात मिनिटं होती. मी खोडरबर काढलं. गाइडकाका शेजारी दगडावर टेकले.